दोन वाजताची गुड मॉर्निंग

त्या दिवशी मी चष्मा गाडीत विसरले नसते तर पुढे काय झालं असतं, हा विचार मी करत नाही. करायला लागले की भाजी चिरता चिरता हात थांबतो, म्हणून करतच नाही.

ऑगस्टमधला मंगळवार होता. आमच्या वेलिंग्टनमधल्या जॉन्सनव्हिलला ऑगस्टमध्ये, म्हणजे इथल्या हिवाळ्यात, जो वारा सुटतो तो माणसाला बाहेर टिकू देत नाही. पावणेदोनला डबा खाऊन मी फार्मसीच्या मागच्या कार पार्कात चष्मा आणायला पळाले. पलीकडच्या रांगेत तोमोएची छोटी निळी गाडी उभी होती. तिची ड्यूटी दोनला सुरू होते आणि ती पंधरा मिनिटं आधी येऊन गाडीत बसते, हे मला माहीत होतं. गाडीत बसून ती काय करते हे मात्र मी सहा वर्षांत कधी विचारलं नव्हतं.

तिच्या गाडीची काच बोटभर खाली होती आणि आतून आवाज येत होता. गंजलेलं बिजागर कुणीतरी हळूहळू उघडावं तसा. 'आ' लावायचा, तो मध्येच तुटायचा, मग नुसती हवा, मग खोकला, मग पुन्हा 'आ'. मला वाटलं रेडिओ बिघडलाय. दोन पावलं पुढे गेले तर तोमोए डोळे मिटून, गळ्यावर दोन बोटं ठेवून बसलेली, आणि तो भयंकर आवाज तिच्याच तोंडातून येत होता.

मी चष्मा न घेताच आत पळाले. बरोबर दोनला ती मागच्या दाराने आली आणि म्हणाली, "गुड मॉर्निंग, सुनेत्रा-सान!"

स्वच्छ आवाज. गोड, टवटवीत, रोजच्यासारखा. माझे हातपाय गार पडले.

आता जरा मागचं सांगते, नाहीतर माझे हातपाय का गार पडले ते कळायचं नाही.

मी सुनेत्रा. पुण्यात बी. फार्म. केलं, इथे येऊन पुन्हा परीक्षा दिल्या, आणि गेली नऊ वर्षं ह्या दुकानात फार्मसिस्ट आहे. राग माझ्या नाकावर असतो. माझी मुलगी अनुष्का, वय वर्षं पंधरा, तिला मराठी सगळं समजतं पण उत्तर इंग्रजीतच देते. ती म्हणते, "आई, यू आर स्केअरी." असेन. औषधाच्या बाबतीत मी चूक खपवून घेत नाही, स्वतःची तर अजिबातच नाही.

तोमोए कुबोता आमच्याकडे काउंटरवर काम करते. दोन ते सहा. माझ्याहून सहा वर्षांनी मोठी, म्हणजे छप्पन्न. इंग्रजीत तू आणि तुम्ही असलं काही नसतं, त्यामुळे बोलायचे मी अरेतुरेनंच, पण मनात तिला तोमोएताई म्हणायचे. ती मात्र माझ्या नावाला मानाने 'सान' जोडायची, त्यांच्या पद्धतीने. रबरी तळव्यांचे बूट, मऊ सुती कपडे, हातात बांगडी नाही, कानात डूल नाही. ती मागे येऊन उभी राहिली तरी कळायचं नाही. पहिल्या आठवड्यात मी तीनदा दचकून "अगंबाई!" म्हणून किंचाळले असेन.

आणि दुपारी दोन वाजता गुड मॉर्निंग. मी रोज म्हणायचे, "तोमोए, दोन वाजलेत. आफ्टरनून म्हण, आफ्टरनून." ती हसायची आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. शेवटी एकदा मी वैतागून विचारलं तेव्हा तिने सांगितलं की जपानमध्ये रेकॉर्डिंग स्टुडिओत कुणी सकाळी सातला येवो की संध्याकाळी सातला, सगळे एकमेकांना 'ओहायो गोझाइमास' म्हणतात, म्हणजे सुप्रभात. माणूस कामावर आला की त्याची सकाळ झाली. ती सवय तोंडातून जात नाही, म्हणाली.

"स्टुडिओत तू काय करायचीस?" मी विचारलं. मला वाटलं, चहापाणी किंवा ऑफिसचं काही असेल.

"मी मुलगा आहे," तोमोए म्हणाली.

समुद्राकाठच्या एका बर्फाळ गावात तिच्या वडिलांचं छत्र्यांचं दुकान होतं. अठराव्या वर्षी ती टोकियोला गेली, दिवसा डबे भरायच्या दुकानात काम आणि संध्याकाळी आवाजाच्या अभिनयाची शाळा. चार वर्षांनी शाळा संपली आणि पुढची सात वर्षं कार्टूनमध्ये गर्दीचे आवाज काढले. बाजारातली बाई, रडणारं बाळ, कुत्रा, 'दरवाजे बंद होत आहेत' म्हणणारी लिफ्ट. एकोणतिसाव्या वर्षी तिला योहेई मिळाला. योहेई म्हणजे नऊ वर्षांचा मुलगा, बाप होडी चालवतो, आणि हा गावभर लोकांच्या हरवलेल्या वस्तू शोधत फिरतो. जपानमध्ये अशा पोरांना बहुतेक वेळा बायकाच आवाज देतात, कारण बाईचा आवाज फुटत नाही. आधी बारा वर्षं मालिका चालली, मग एक-दोन वर्षांनी एकेक सिनेमा. तोमोए लग्न करून ग्रॅहमबरोबर वेलिंग्टनला आली तरी त्यांनी योहेई दुसऱ्या कुणाला दिला नाही. इथल्या एका स्टुडिओत ती उभी राहायची, तिकडे टोकियोत बाकीचे नऊजण, आणि लाइन जोडलेली. सत्तावीस वर्षं तो मुलगा नऊ वर्षांचाच राहिला. ग्रॅहम चार वर्षांपूर्वी हार्टअटॅकने गेला.

हे सगळं तिने मला तुकड्यातुकड्यांनी सांगितलेलं, औषधांच्या खोक्यांवर लेबलं लावता लावता. दुकानात येणाऱ्या कुणालाही ह्यातलं काहीच माहीत नव्हतं.

आता माझ्या चुकीकडे येते.

जूनमध्ये तोमोएचा आवाज बसला. थंडी होतीच, निम्मं दुकान खोकत होतं. मी पुण्याहून आणलेला ज्येष्ठमध, एअरपोर्टवर रीतसर दाखवून आणलेला बरं का, त्याचा काढा करून थर्मासमध्ये तिच्यासाठी नेला. चौथ्या दिवशी ती खणखणीत आवाजात म्हणाली, "हीप्स बेटर, सुनेत्रा-सान! तुमचं औषध फार छान आहे." हीप्स म्हणजे इथल्या इंग्रजीत ढीगभर. माझी कॉलर ताठ. मी रोज थर्मास न्यायला लागले. आल्यागेल्याला सांगत सुटले की बघा, आमच्या साध्या काडीने काय काम केलं.

तीन आठवड्यांच्या वर आवाज बसलेला असेल तर गोळ्या-बिळ्या देऊ नका, डॉक्टरकडे पाठवा, हे आम्हाला पहिल्या वर्षापासून घोकवतात. माझ्या काउंटरवर आलेल्या परक्या माणसाला मी हाकललं असतं. इथे मी माझ्या कानांवर भरवसा ठेवला, आणि ते कान फसवायचं शिक्षण तोमोएने चार वर्षं घेतलेलं होतं.

म्हणून त्या मंगळवारी मी तिला दंडाला धरून लस टोचायच्या खोलीत नेलं आणि दार लावलं. "गाडीतला आवाज ऐकला मी," मी म्हणाले. "आता खरं बोल. किती दिवस झाले?"

ती आधी खाली वाकली, त्यांच्या पद्धतीने. मग वर आली आणि तो आवाज सोडून दिला. पहिल्यांदा माझ्यासमोर तिच्या गळ्यातून ते गंजलेलं बिजागर वाजलं. "बरा झालाच नाही," ती म्हणाली. "जूनपासून."

"नऊ आठवडे! आणि माझा काढा? हीप्स बेटर?"

"तुम्ही तुमच्या आईच्या घरून आणलेलं औषध. रोज सकाळी उठून उकळून आणायचात. त्याने काही होत नाही असं कसं सांगायचं?" तिने श्वास घेतला. "दिवसाला चाळीस वाक्यं अजून नीट निघतात. ती मी इथे वापरते. घरी बोलायला कोणी नाही, त्यामुळे पुरतात."

मला तिला हलवून जाब विचारायचा होता आणि मिठीही मारायची होती. दोन्ही केलं नाही. "डॉक्टरकडे चल. आत्ताच्या आत्ता."

"सप्टेंबरच्या चार आणि पाचला रेकॉर्डिंग आहे," ती म्हणाली. "योहेईचा शेवटचा सिनेमा. त्यानंतर जाते. आधी गेले तर डॉक्टर बोलू नको म्हणेल, आणि मग ते त्याला दुसऱ्या कुणाला देतील. पंधरा दिवस, सुनेत्रा-सान. फक्त पंधरा दिवस."

पंधरा दिवस! माझं डोकं फिरलं. वरच्या मजल्यावर डॉक्टर विनयाचं क्लिनिक आहे. ती नाशिकची, आमची जुनी मैत्रीण. मी तिला फोन करून मराठीतच सांगितलं की विनया, छप्पन्न वर्षांची बाई आहे, नऊ आठवडे आवाज बसलाय आणि चूक माझी आहे, तू चारच्या आत बघ. तोमोएला मी जवळजवळ ओढतच वर नेलं. बिचारी विरोधही करेना, तिला लोकांसमोर तमाशा नको होता.

विनयाने तपासलं, प्रश्न विचारले आणि गंभीर झाली. आठव्या दिवशी हॉस्पिटलमध्ये नाकातून कॅमेरा घातला. मी शेजारी उभी होते. स्क्रीनवर तिच्या स्वरयंत्राच्या दोन पांढऱ्या पट्ट्या उघडत-मिटत होत्या आणि डावीवर खरबरीत, तांबूस-पांढरा चट्टा होता. मी औषधं ओळखते, चट्टे नाही, म्हणून सर्जनच्या तोंडाकडे बघितलं.

"हा कॅन्सर असू शकतो," सर्जन म्हणाला. इथले डॉक्टर असं सरळच सांगतात. "भूल देऊन काढायला आणि तपासायला हवा. येत्या बुधवारी, चार तारखेला, एक ऑपरेशन रद्द झालंय, ती वेळ तुम्हाला देतो. नाहीतर त्यापुढची पंचवीस दिवसांनी. थांबा असं मी सांगणार नाही. तो आत स्नायूत उतरला तर गोष्ट वेगळी होते. सोमवारी दुपारी बारापर्यंत कळवा. आणि तोपर्यंत बोलणं बंद, ओरडणं तर मुळीच नाही."

चार तारीख. तोमोएने माझ्याकडे बघितलं नाही. तिने पर्समधून पिवळी वही काढली, त्यावर 'थँक यू' लिहिलं आणि सर्जनसमोर वाकली.

शनिवारी दुपारी मी तिला घरी जेवायला बोलावलं. शिरीष, म्हणजे माझा नवरा, मुद्दाम बाहेर गेला. वरणभात पानात निवत चालला होता आणि तोमोएने वही माझ्याकडे सरकवली. त्यावर लिहिलं होतं, 'मी रेकॉर्डिंग करणार. ऑपरेशन पंचवीस दिवसांनी.'

मी उठून उभी राहिले. मला ओरडायचं नव्हतं, पण ओरडलेच. "वेड लागलंय का तुला? त्याने कॅन्सर म्हटलंय, कॅन्सर! एका कार्टूनसाठी गळा कापून देणार आहेस? एका कार्टूनसाठी?"

शब्द तोंडातून गेले आणि लगेच कळलं की काय बोलून बसले.

तोमोएने पेन खाली ठेवलं. सर्जनने बंदी घातलेली असूनही ती बोलली, त्याच फाटक्या आवाजात, शब्द शोधत. "ग्रॅहम सोमवारी गेला. गुरुवारी योहेईचं रेकॉर्डिंग होतं. सगळे म्हणाले, नको येऊस. मी गेले. ते दोन दिवस मी नऊ वर्षांची होते, आणि नऊ वर्षांच्या मुलाला नवरा नसतो. म्हणून मी जगले. आता त्याचा शेवटचा दिवस आहे. तो रडायच्या आधी श्वास कुठे घेतो हे फक्त मला माहीत आहे. त्याला मी एकटं कसं सोडू?"

मला रडू येत होतं आणि रागही जात नव्हता. तसल्या अवस्थेत माणूस जे करू नये ते करतो. मी म्हटलं, "ठीक आहे. कर मग. इथे, आत्ता, मला ऐकव. बुधवारी जे करणार आहेस ते कर बघू."

डॉक्टरने गप्प राहायला सांगितलेल्या बाईला मी बोलायला लावलं. औषधवाली मी! अजून मनाला टोचतं.

तिने पिशवीतून स्क्रिप्ट काढलं. माझ्या स्वयंपाकघरात, फ्रिज आणि टेबलाच्या मध्ये, पाय जरा फाकवून उभी राहिली. कागद डाव्या हातात, डोळ्यांच्या उंचीवर. समोर मायक्रोफोन असावा तशी भिंतीकडे बघायला लागली. आणि त्या छप्पन्न वर्षांच्या बाईच्या तोंडून एक पोरगा बोलायला लागला.

अंगावर काटा आला माझ्या. जपानी मला ओ की ठो कळत नाही, पण तो पोरगा धावत आलाय, त्याला दम लागलाय, काहीतरी सापडलंय आणि ते सांगायची घाई झालीय, हे सगळं कळलं. दोन वाक्यं, तीन वाक्यं. आतल्या खोलीचं दार उघडून अनुष्का आली. "आई, हूज द किड?" तिने विचारलं आणि तोमोएला बघून तिथेच थबकली.

पान उलटायची वेळ आली. स्टुडिओत पान उलटल्याचा आवाज रेकॉर्ड झाला तर सगळ्यांचं काम वाया जातं, म्हणून तिथे पहिल्या वर्षी पान उलटायलाच शिकवतात. तोमोएने अंगठ्याने कोपरा उचलून पान असं नेलं की कागद हलला पण वाजला नाही. मग तिने चौथ्या वाक्यासाठी तोंड उघडलं.

काही आलं नाही. ओठ हलत होते, मानेच्या शिरा ताठ झाल्या होत्या, आणि आवाज नव्हता. तिने पुन्हा श्वास घेतला. पुन्हा काही नाही. तिसऱ्यांदा नुसती खरखरीत हवा आली. मी पुढे होऊन तिचा हात धरला. "बास. बास, तोमोएताई." मराठीतच म्हणाले. तिला समजलं असणार.

ती खुर्चीत बसली. गार झालेलं ताट तिने बाजूला सारलं. मग वही ओढून लिहायला लागली आणि मी तिच्या खांद्यावरून वाचत होते. 'बुधवारी हे असं मध्येच झालं तर तिकडचे नऊजण माझ्यामुळे थांबतील. अर्धा योहेई माझा आणि अर्धा दुसऱ्या कुणाचा होईल. असं त्याच्याशी करता येणार नाही.' खाली आणखी एक ओळ लिहिली. 'टोकियोला फोन लावा.'

मला वाटलं होतं, जिवाच्या भीतीने ती ऐकेल. जिवासाठी ऐकलं नाही तिने. दुसऱ्यांचं काम खोळंबेल म्हणून ऐकलं.

त्या दिवशीही तिकडे रिहर्सल चालू होती. दिग्दर्शक म्हातारा माणूस, पहिल्या भागापासून तोच. अनुष्काने लॅपटॉप लावून दिला आणि आम्ही दोघी दाराशी उभ्या राहिलो. तोमोएने केस नीट केले, कॉलर सरळ केली. स्क्रीनवर तो आला, हसला, आणि जोरात म्हणाला, "ओहायो गोझाइमास!"

इथे संध्याकाळचे पाच वाजले होते, तिकडे दुपारचे दोन.

जूनपासून ह्याच माणसाला फोनवर तिने ठणठणीत आवाज ऐकवला होता. मला वाटलं, पुन्हा तेच करेल. उरलेलं एखादं वाक्य काढेल, कसंबसं निभावून नेईल. तोमोए वाकली, सरळ झाली, आणि काहीही न लपवता, जो होता त्या फुटक्या आवाजात म्हणाली, "ओहायो गोझाइमास."

त्याचं हसू गेलं. पुढे तिला काही सांगावंच लागलं नाही. त्याने चष्मा काढून डोळे पुसले. त्याच्या पाठीमागे लोक काम थांबवून उभे राहिले होते. नंतर तो हळू आवाजात बरंच काही बोलला आणि तोमोए नुसती मान डोलवत राहिली. अनुष्काने माझा हात घट्ट धरला होता. शाळेत जायला लागल्यापासून पहिल्यांदाच.

रविवारचा सगळा दिवस तोमोएच्या घरी गेला. सत्तावीस वर्षांची स्क्रिप्टं तिने कपाटात रचून ठेवली होती, प्रत्येक ओळीवर पेन्सिलीच्या खुणा. योहेईचा आवाज आता एका एकतीस वर्षांच्या मुलीकडे जाणार होता. तोमोए तिच्यासाठी कागदांवर कागद लिहीत होती, तो खोटं बोलायच्या आधी नाकाने श्वास घेतो, बापाशी बोलताना शेवटचा शब्द गिळतो, असलं काय काय. अनुष्का फोटो काढून पाठवत होती. मी पानं उलटत होते, खरखर आवाज करत. तोमोएने दोनदा माझ्या मनगटावर हलकेच चापट मारली आणि अंगठा कसा धरायचा ते दाखवलं. मला काही जमलं नाही. सोमवारी सकाळी नऊला मी सर्जनच्या ऑफिसात फोन करून सांगितलं, ती येतेय.

बुधवारी साडेसहाला तिला हॉस्पिटलमध्ये सोडलं. आत नेताना तिने मला वही दिली, घड्याळ दिलं, आणि हात हलवला. मी त्या प्लास्टिकच्या खुर्चीत चार तास बसले. कॉफी तीनदा घेतली आणि तीनदा टाकून दिली. स्टुडिओत ती ज्या वेळी उभी राहणार होती, नेमकी तीच वेळ भिंतीवरच्या घड्याळात झाली तेव्हा मला तिकडे बघवेना.

ऑपरेशननंतर दहा दिवस तिला एक शब्द बोलायचा नव्हता, कुजबुजायचंही नव्हतं. मी रोज मऊ भात, तूप, मेतकूट घेऊन जायचे. ती वहीत लिहायची, 'आमच्याकडे आजारी माणसाला हेच देतात, फक्त मेतकूट नसतं.' आणि खाली, 'मेतकूट खरंच आवडलं. ह्या वेळी खोटं नाही.' मी हसले आणि मग घरी येईपर्यंत गाडीत रडले.

आठव्या दिवशी दुपारी सर्जनचा फोन आला. तिला बोलता येत नव्हतं म्हणून मी स्पीकर लावला.

"कॅन्सरच होता," तो म्हणाला. "पण वरवरचा. पूर्ण निघालाय, कडा स्वच्छ आहेत. आता दर दोन महिन्यांनी तपासत राहू."

मी देवाचं नाव घेतलं, मोठ्याने. तोमोएने डोळे मिटले, उघडले, आणि वहीवर एकच शब्द लिहून माझ्यासमोर धरला. 'योहेई?'

विचारायची माझी छाती होईना, पण विचारलं. "डॉक्टर, ती लहान मुलाचा आवाज काढते. तिचं कामच ते आहे. पुन्हा जमेल का?"

"बोलता येईल," तो म्हणाला. "आवाज घोगरा राहील. मुलाचा आवाज, नाही. सॉरी."

तोमोएने मान हलवली. 'योहेई?' लिहिलेलं ते पान तिने अंगठ्याने उचललं आणि उलटलं. काही आवाज आला नाही. मग नव्या पानावर तिने लिहिलं, 'चहा ठेवते,' आणि उठली.

त्यानंतर स्पीच थेरपिस्टकडे खेपा सुरू झाल्या. मी फोन केला की ती मेसेज करायची. भेटले की वही पुढे करायची. दहा दिवस कधीच संपले होते, बोलायला परवानगी होती, पण माझ्यासमोर ती तोंड उघडेना. मला भीती वाटायला लागली. गळा वाचला पण बाई मुकी झाली की काय? ज्या बाईला सत्तावीस वर्षं आवाज हेच काम होतं, तिने तो कायमचा मिटून टाकला तर मी कुठल्या तोंडाने तिला दुकानात बोलवू? शिरीष म्हणाला, "तिला वेळ दे." मी त्याच्यावरही खेकसले.

नोव्हेंबरचा पहिला आठवडा. दुपारची वेळ, रांगेत चार गिऱ्हाइकं, सगळ्यांत पुढे मिस्टर पॅटरसन, ज्यांना रक्तदाबाच्या गोळ्या कालच हव्या असतात. मी मान खाली घालून गोळ्या मोजत होते. पावलं वाजली नाहीत, दार वाजलं नाही, आणि माझ्या खांद्यामागे कुणीतरी बोललं. जाड, खरखरीत, मध्येच विरळ होणारा आवाज. पण उसना आणलेला नव्हता. जसा होता तसाच होता.

"गुड मॉर्निंग, सुनेत्रा-सान."

गोळ्या हातातून ट्रेमध्ये सांडल्या. मागे वळले तर तोमोए, दुकानाचा निळा एप्रन बांधून, मऊ बूट घालून उभी. तिच्या डोळ्यांत भीती होती. मी काय म्हणते, तो आवाज ऐकून माझं तोंड कसं होतं, ह्याकडे तिचं लक्ष होतं. सहा वर्षं मी तिला रोज जे सुनावत आले, ते ह्या वेळी तोंडाशीसुद्धा आलं नाही.

"गुड मॉर्निंग, तोमोए," मी म्हणाले.

मिस्टर पॅटरसननी भिंतीवरच्या घड्याळाकडे बघितलं. "मुलींनो, दोन वाजून गेलेत," ते म्हणाले.

"तुमचे वाजले असतील," मी म्हणाले. "आमच्याकडे माणूस कामावर आला की सकाळ होते."

मग मी सांडलेल्या गोळ्या बाजूला केल्या आणि नव्या मोजायला घेतल्या. तोमोए काउंटरवर गेली आणि आपल्या नव्या आवाजात त्यांना विचारलं, "आणखी काही हवंय का?"